पाक युइतचं नववं रीळ

"आधी वास घे, मग हात लाव. तोंड सगळ्यात शेवटी उघड."

केस बसवायला शिकवणाऱ्या चिंग मावशीला जाऊन चार वर्षं झाली होती. तरी सकाळी लाकडाच्या सालींचं पाणी गाळताना हान ताईला तो आवाज ऐकू यायचाच. भिजलेल्या सालींचं चिकट पाणी गाळायचं आणि वाटी नाकाशी न्यायची. आंबूस वास आला तर ओतून द्यायचं. ताज्या पाण्याने बसवलेले नट्यांचे केस दिवसभर स्टुडिओतल्या दिव्यांच्या धगीतही हलत नसत.

त्या गुरुवारी वाटी नाकाशी होती तेवढ्यात दारावर धक्के बसले.

"ताई! अहो ताई, बाहेर या! माझा गळा कापला कुणीतरी!"

मोकशेठचा गळा शाबूत होता. फक्त टाय उलटा लोंबत होता. निर्माता तोच, व्यवस्थापकही तोच, त्यामुळे ओरडायचं कामही दोघांचं तो एकटाच करी.

"नववं रीळ गेलं. प्रिंट गेली, निगेटिव्हही गेली. दोन्ही डबे! उद्या संध्याकाळी पाचला थिएटरचा माणूस रिळं न्यायला येणार. आठच दिली तर शनिवारचा दुपारचा खेळ दुसऱ्याला देऊन मोकळा होईल तो."

"पुढच्या आठवड्यात देईल."

"तिउबाईचं नाव असतं तर दिला असता. पाक युइतला कोण ओळखतं?"

हान ताईने वाटी खाली ठेवली. पाक युइतला ती ओळखत होती. सहा वर्षं तिचे केस विंचरले होते. या सहा वर्षांत युइतने मोलकरीण केली, सवत केली, विहिरीवरची तिसरी बाई केली. जाहिरातीत तिचं नाव एकदाही आलं नाही. या खेपेला तिउबाईने ऐन वेळी नायिकेची भूमिका सोडली आणि ते कपडे युइतच्या अंगावर चढले. शूटिंग संपल्यावर चार दिवसांत ती विषमज्वराने आडवी झाली. आज इस्पितळात तिचा दहावा दिवस होता.

"पोलिसांना बोलवा, शेठ."

"पोलीस आले की मागोमाग वर्तमानपत्रवाले आले. नको. तुम्ही बघा. केस विंचरून घेताना माणूस गप्प बसत नाही. या आवारातलं तुम्हाला माहीत नाही असं आहे काय?"

हान ताई हळू बोलायची, इतकं हळू की समोरच्याला पुढे वाकावं लागे. एकोणिसाव्या वर्षी तिने लग्न न करण्याची शपथ घेऊन स्वतःच्या हाताने अंबाडा बांधला होता. रोज पहाटे कुन-याम माउलीपुढे एकशे आठ वेळा नाम. ताटात मासा नाही की अंडं नाही. दर महिन्याची पहिली तिथी आणि पौर्णिमा मठात. हे नेम तिने युद्धातही मोडले नव्हते.

"खोली उघडा," ती म्हणाली.

रिळांची खोली दगडी होती, बिनखिडकीची. दारावर लाल रंगात लिहिलं होतं, विडी नाही, काडी नाही, उदबत्ती नाही. इथली फिल्म वाळल्या गवतासारखी पेटते. किल्ल्या तीन. एक मोकशेठकडे, एक संकलक फुंग मास्तरकडे, तिसरी ऑफिसात खिळ्याला. खिळ्यावरची कुणीही न्यावी, कुणीही लावावी.

फुंग मास्तर दारातच उभा होता. फिल्म कापण्या-जोडण्यात पन्नाशी उलटलेला वाळकुडा माणूस. जोडकामाच्या डिंकामुळे त्याच्या अंगाला कायम पिकल्या केळ्यांचा वास.

"भुताने नेलं, ताई," तो म्हणाला. "बोलवा तुमच्या माउलीला. ती काही बोलली तर मलाही कळवा."

"डबे शेवटचे कधी पाहिलेत, मास्तर?"

"मंगळवारी संध्याकाळी. काल सुट्टी होती. आज बघतो तर नाहीत."

"बाकीच्या आठांना हात लागलाय?"

"धूळसुद्धा हललेली नाही."

"निगेटिव्ह तर दुसरीकडे असते ना?"

"नव्याने घेतलेला शॉट जोडायचा होता, म्हणून इकडे मागवली होती."

"तो मेला शॉट!" मोकशेठ उसळला. "पहिल्या वेळी शवपेटीत झोपलेल्या युइतच्या बाहीतून लाल पाकिटाचा कोपरा डोकावत होता. नखाएवढा! मी म्हटलं, कोण बघतंय? पण मास्तरांना चालेना. पौर्णिमेला पुन्हा सेट लावला, अर्धा दिवस त्यात गेला."

मास्तर बोटांवरचा वाळलेला डिंक खरवडत राहिला.

हान ताईचे कान तापले. पडद्यावर जो मरणार त्याला आधी लाल पाकीट द्यायचं, ही सगळ्या स्टुडिओंची रीत. आत एक नाणं आणि एक साखरेची गोळी. पाकीट अंगाशी ठेवूनच पेटीत झोपायचं. उठल्यावर गोळी खायची आणि नाणं घरी जायच्या आत खर्चून टाकायचं. मग पडद्यावरचं मरण अंगाला चिकटून घरी येत नाही. इथे पाकीट द्यायचं काम हान ताईचं. पहिल्या शॉटच्या वेळी तिनेच ते युइतच्या डाव्या बाहीत सरकवलं होतं. म्हणजे कोपरा बाहेर राहिला तो तिच्याच हातून.

तिने खोलीभर नजर फिरवली. रिकाम्या फळीखाली आग विझवायची वाळूची बादली होती. ओलसर वाळूत तीन बारीक भोकं, एका ओळीत, बोटाबोटाच्या अंतरावर. भोकांच्या कडांना गुलाबी झाक. ती वाकली. चंदनाचा पुसट वास आला. राख मात्र कणभरही नव्हती.

"वाळूत कुणी पेन्सिली खोचतं का हो?"

"इथे लोक वाळूत काहीही खोचतात," मास्तर म्हणाला. "शेठ सिगारेटी खोचतात."

"मी दाराबाहेर ओढतो!" मोकशेठ म्हणाला, आणि हातातली मागे लपवली.

तिउबाई शेजारच्या कंपनीच्या स्टेजवर राणी झाली होती. दोन शॉटच्या मधल्या वेळात ती खुर्चीत ताठ बसून होती, कारण मुकुट मान वळवू देत नव्हता. राणीच्या हारांखाली चांदीचा बारीक क्रूस.

"आलीस? मला वाटलंच. शेठ म्हणाला असेल, तिउबाईने जळफळून रीळ गिळलं."

"गिळलंत का?"

"हसवू नकोस ग, रंगाला तडे जातात."

हान ताईने तिच्या कानामागची सुटलेली बट आत खोचली. "भूमिका का सोडलीत?"

"तारखा एकच आल्या. पेटीत झोपायचं की राणी व्हायचं? मी मुकुट घेतला. आता मान मोडतेय."

"युइतचा राग नाही?"

तिउबाईने आरशातून तिच्याकडे पाहिलं. "आहे. मास्तरांच्या खोलीत तिची दोन रिळं पाहिली मी. मी केलं असतं त्याहून चांगलं केलंय तिने, आणि ते मलाच सगळ्यात आधी कळलं. पण ताई, डोकं चालव की. मला सूड घ्यायचा असता तर मी पहिलं रीळ नेलं असतं. आठ रिळं लोक तिच्यावर जीव टाकणार आणि मी नववं उचलणार? काय उपयोग? आणि न्यायचं तरी कशाला? एक काडी, फू, संपलं."

"उदबत्ती लावता कधी?"

"मी?" तिने क्रूस हारावर काढून दाखवला. "मेणबत्तीचं विचार."

स्टेजवरून हाक आली. राणी मुकुट सावरत उठली. "शोधून काढ ग ते," ती जाता जाता म्हणाली. "नाहीतर लोक जन्मभर मलाच म्हणतील."

खाडीच्या पलीकडे इस्पितळ होतं. डोलकाठीवर वादळाचा पहिला बावटा चढला होता. फेरीबोट आडवीतिडवी हलत होती, लोक कठड्याला धरून बसले होते. हान ताईने माळ काढली. पण मणी सरकत होते आणि मन तीन भोकांत अडकलं होतं. नाम किती झालं ते तिला सांगता आलं नसतं.

युइतचे गाल आत गेले होते. डोळे मात्र पडद्यावरच्यासारखे मोठे.

"रीळ मिळालं?" तिने विचारलं.

"तुला कुणी सांगितलं?"

"शेठ फोनवर ओरडतात तेव्हा अख्ख्या वॉर्डला कळतं."

हान ताई उशाशी बसली आणि तिचे केस सोडवू लागली. कंगव्यात पुष्कळ केस आले. ते तिने मुठीत लपवले.

"लपवू नका, दिसले मला," युइत म्हणाली. "ताई, मी वाचेन की नाही ते डॉक्टर नीट सांगत नाही. पुढचे तीन दिवस बघू म्हणतो. ते जाऊ दे. सहा वर्षं मी पडद्यावर दारातून आत येते, चहा ठेवते, बाहेर जाते. या वेळी पहिल्यापासून शेवटपर्यंत मीच आहे. ते एकदा तरी लोकांना दिसू दे. बाकी काही नको मला."

"दिसेल. पौर्णिमेला तुला पेटीत झोपवलं ना, तेव्हा पाकीट कुणी दिलं?"

युइतने पांघरुणाची कड ओढून घेतली. मग म्हणाली, "कुणीच नाही."

कंगवा थांबला.

"तुम्ही मठात होतात. शेठ सारखे घड्याळ बघत होते. सगळ्यांना वाटलं, रंगभूषेच्या खोलीतच दिलं असेल, नेहमीसारखं."

"मागायचं नाहीस?"

"पहिल्यांदा नायिका झालेली मी. एवढ्या माणसांना थांबवून पाकीट मागितलं असतं तर म्हणाले असते, आली मोठी नखरेवाली."

"हे कुणाकुणाला सांगितलंस?"

"तुम्हालाच पहिल्यांदा. तुम्हाला वाईट वाटेल म्हणून तेही सांगणार नव्हते." ती क्षीण हसली. "डॉक्टर म्हणतो ताप पाण्यातून आला."

"पाण्यातूनच आला असणार," हान ताई म्हणाली. कंगवा पुन्हा चालू लागला, पण तिने युइतकडे पाहिलं नाही.

शुक्रवारी पहाटे माउलीसमोर तिची माळ तीनदा चुकली. तिने नेम पाळला होता आणि नेम पाळत असतानाच एक पोर रिकाम्या हातांनी पेटीत झोपली होती. मठात जायच्या आधी एक पाकीट शेठच्या टेबलावर ठेवायला किती वेळ लागला असता? चौथ्यांदा माळ सुरुवातीपासून घेतली आणि ती उजाडायच्या सुमारास आवारात पोचली.

मोकशेठ फाटकातच फेऱ्या मारत होता.

"शेठ, पौर्णिमेला युइतला पाकीट कुणी दिलं?"

"तुम्ही."

"मी मठात होते."

"मग आदल्या दिवशी देऊन गेला असाल. तुम्ही कधी विसरता का?" त्याने तिच्या चेहऱ्याकडे पाहिलं. सिगारेट ओठांपर्यंत गेली नाही. "दिलं नव्हतं? अरे देवा. आणि मला कुणी एका शब्दाने बोललं नाही?"

"कुणाला माहीतच नव्हतं."

हे बोलता बोलता ती स्वतःच थबकली. कुणाला माहीत नव्हतं? सेटवर होते त्यांना वाटलं, दिलंय. शेठलाही तेच वाटलं. युइत बोलली नाही. तरी कुणीतरी नेमकं तेच रीळ उचललं, ज्यात ती मरते.

ती वळली आणि मरणाच्या प्रसंगाचं सामान ठेवलेल्या शेडकडे निघाली.

वाऱ्याने शेडचे पत्रे धाडधाड वाजत होते. आत सिंहासनं, पालख्या, कागदी कमळं. सगळ्यात मागे, भिंतीला लागून, ती पेटी. शूटिंग नसताना तिच्या जवळून जायलाही कुणी तयार नसे. शेठची माणसं काल शेडमध्ये शोधून गेली होती, पण पेटीपर्यंतच्या धुळीत एकाच माणसाच्या पावलांची ओळ होती.

पेटीशेजारी युइतचा फोटो टेकवलेला होता. काळी चौकट, शेवटच्या प्रसंगात देवघराशी टांगलेला. असा फोटो काम संपल्यावर ज्याचा त्याने फाडायचा असतो. युइत आजारी पडली, फोटो राहिला. पण आता चेहरा दिसत नव्हता. त्यावर अशुभ टळावं म्हणून लावतात तसा लाल कागद चिकटवला होता, चारी कडा पात्याने कापल्यासारख्या सरळ.

आधी वास.

हान ताईने नाक कागदाशी नेलं. पिकल्या केळ्यांचा वास.

ती एक पाऊल मागे सरली. मग पेटीला हात जोडले आणि झाकण थोडं उचललं. आत गादीवर, युइतचं डोकं जिथे होतं तिथे, दोन गोल डबे. वर तीन उदबत्त्या आडव्या ठेवलेल्या. एकही पेटवलेली नव्हती.

आतल्या कशालाही तिने हात लावला नाही. झाकण पूर्ववत ठेवलं.

दुपारी तीनला संकलनाच्या खोलीत चौघं होती. मोकशेठ, कुठूनतरी कुणकुण लागून राणीच्याच वेशात आलेली तिउबाई, टेबलाशी फुंग मास्तर आणि दारापाशी हान ताई.

"दोन तास उरलेत," मोकशेठ म्हणाला. "ताई, नाव सांगा."

"सांगते. आधी थोडं ऐकून घ्या. बोलताना माझा क्रम चुकेल, सवय नाही मला."

तिघंही पुढे वाकली.

"तिउबाई काल म्हणाल्या, सूड घ्यायचा असता तर काडी लावली असती. खरंय. ही फिल्म जाळायला क्षण लागत नाही. पण आवारात कुठे जळल्याचा वास नाही. म्हणजे नेणाऱ्याला रीळ नको होतं, पण ते नष्ट करायचंही त्याला धाडस झालं नाही. आणि आठ रिळं सोडून त्याने नववंच नेलं. त्या रिळात दुसऱ्या कशात नाही असं एकच आहे. युइतचं मरण."

"त्याचा काय संबंध?"

"पौर्णिमेला तिला पाकीट मिळालं नव्हतं, शेठ. चार दिवसांनी ती तापाने पडली. हे ज्याला जोडून दिसलं, त्याला वाटलं, आता थिएटरभर माणसांनी तिला मेलेली पाहिली तर मरण पक्कं होईल. वाळूच्या बादलीत तीन भोकं होती. कडांना उदबत्तीच्या काडीचा गुलाबी रंग, वास चंदनाचा, पण राख नाही. कुणीतरी रीळ उचलायच्या आधी उदबत्त्या खोचून देवाची परवानगी मागितली, आणि पेटवल्या नाहीत."

"न पेटवता कसली पूजा?" तिउबाई म्हणाली.

"तेच मी विचारत राहिले. शेठ असते तर त्यांनी पेटवल्या असत्या. ते तर तिथे सिगारेटही ओढतात."

"दाराबाहेर!"

"आणि तिउबाई, तुम्ही उदबत्तीच आणली नसती. मग राहिला असा माणूस, ज्याचा हात त्या खोलीत काडी ओढायला उठणारच नाही, मनात कितीही भीती असली तरी. आयुष्यभर फिल्म हाताळलेला."

फुंग मास्तरने हसायचा प्रयत्न केला. "ताई, वाळूतल्या भोकांवरून? देव न मानणाऱ्याला पकडताय?"

"मास्तर, भोकांवरून पकडलं असतं तर चुकलेही असते. पण पाकीट दिलं नव्हतं, हे कळलं कुणाला? सेटवर कुणालाच नाही. युइतने सांगितलं नाही. ते कळायची एकच जागा होती." तिने टेबलाकडे पाहिलं. त्यावर भिंग होतं आणि खाली दिवा. "पहिल्या वेळी बाहीतला नखाएवढा कोपरा सगळ्यांच्या नजरेतून सुटला, तुमच्या सुटला नाही. मग दुसऱ्या वेळी काहीच नव्हतं, तेही तुम्हालाच दिसलं असणार. युइतच्या फोटोवर लाल कागद लावलाय. त्याच्या कडा तुमच्या पात्याच्या आहेत आणि डिंक तुमचा."

बाहेर पत्रा वाजला. मास्तरने भिंगावर हात ठेवला, जसा कुणी लहान मुलाच्या डोक्यावर ठेवतो.

"त्या शॉटमध्ये बायका रडत तिचा हात उचलतात," तो म्हणाला. "बाही कोपरापर्यंत घसरते. पाकीट नाही. दुसरा तळवा उघडा. तोही रिकामा. मी तो शॉट कितीदा पाहिला ते विचारू नका. म्हटलं, कमरेशी असेल, पायाशी असेल. मग ऐकलं, ती इस्पितळात आहे."

"पण तुम्ही तर आम्हा सगळ्यांची टर उडवता," तिउबाई म्हणाली. आवाजात टोमणा होता, पण अर्ध्यात विरला.

"नाही मानत मी. न मानणाऱ्याला घाबरायची मनाई आहे का?" त्याचा आवाज चढला. "तो कोपरा जगात कुणाला दिसला नसता. शेठ ओरडून सांगत होते, राहू दे. मीच म्हणालो, नाही, पुन्हा झोपवा तिला. मी झोपवलं तिला. मग म्हटलं, ताप उतरेपर्यंत तिच्या जागी हे पडून राहू दे. पेटीत."

"पेटीत!" मोकशेठ ओरडला. "फुंग, तुला मी आत्ताच्या आत्ता—"

"शेठ," हान ताई म्हणाली.

मोकशेठ थांबला. त्याला सकाळचं फाटक आठवलं असावं. तो खाली बसला.

हान ताई मास्तरपाशी गेली. "कोपरा बाहेर राहिला तो माझ्या हातून. दुसऱ्या वेळी पाकीट नव्हतं, तेही मी गेले म्हणून. दोषातलं तुमच्या वाट्याला फार थोडं उरतं, मास्तर. पण तुम्ही तिला विचारलंत का, तिला काय हवंय? मी विचारलं. तिला पहिल्यापासून शेवटपर्यंत दिसायचंय. ती वाचली तरी, नाही वाचली तरी. तुम्ही तिला मरणातून काढायला गेलात आणि चित्रपटातूनच काढून टाकलंत."

मास्तर बाहेर गेला. परत आला तेव्हा दोन्ही डबे छातीशी होते. मोकशेठने सुटकेचा श्वास टाकून सवयीने सिगारेट पेटवली.

"शेठ! डबे!" तिघं एकदमच किंचाळली, आणि सिगारेट खिडकीबाहेर गेली.

पाचला नऊ रिळं थिएटरच्या गाडीत चढली. साडेपाचच्या फेरीबोटीत हान ताई आणि फुंग मास्तर शेजारी बसले. बावटा आता तिसरा होता. त्यानंतर बोट सुटेल की नाही हे खलाशालाही माहीत नव्हतं.

वॉर्डच्या दाराशी मास्तर अडला. "मी इथेच थांबतो."

"मास्तर का बाहेर?" आतून युइतचा आवाज आला. "या ना. मला किती कापलंत ते तरी सांगा."

तो पलंगाच्या पायथ्याशी जाऊन उभा राहिला, टोपी हातात चुरगाळत. "तुझ्यात कापण्यासारखं," तो म्हणाला, "फारसं नव्हतं."

युइतने तोंड भिंतीकडे वळवलं. थोड्या वेळाने परत वळली तेव्हा उशी ओली होती. "रीळ कुणी नेलं होतं, ताई?"

"ज्याला तुझी काळजी होती त्याने. आता जागेवर आहे." हान ताईने ओच्यातून लाल पाकीट काढलं आणि दोन्ही हातांनी पुढे केलं. "उशीर झाला मला. घेशील?"

युइतने ते दोन्ही हातांनीच घेतलं. गोळी जिभेवर ठेवली. नाणं तळव्यावर घेऊन बघत राहिली.

"आज खर्चायला हवं ना? इथे काय मिळतं? औषध तर फुकट देतात." मग तिचे डोळे चमकले, तापाने की कशाने ते सांगता येणार नाही. "हे घ्या, ताई. उद्याच्या दुपारच्या खेळाचं तिकीट काढा. सगळ्यात मागचं. बोटीतून उतरल्या उतरल्या काढा, म्हणजे आजच खर्च होईल."

"मी? मी कधी सिनेमा पाहिला नाही ग."

"पाहू नका. ऐका. लोक अख्खा खेळ कलिंगडाच्या बिया फोडत असतात, कटकट, कटकट. मी चहा ठेवून जायचे तेव्हा तो आवाज कधी थांबला नाही, मी स्वतः मागे बसून ऐकलाय. नवव्या रिळात थांबतो का, तेवढं ऐका. आणि खरं सांगा. थांबला नाही तरी."

"खरंच सांगेन."

"वचन?"

"वचन."

शनिवारी पहिली तिथी होती. मठात पहाटेपासून झांजा वाजत होत्या. बाहेर वारा होता, पाऊस येतही नव्हता आणि जातही नव्हता. हान ताईची माळ आज एकदाही चुकली नाही. दुपारच्या पंगतीला बायका बसू लागल्या, तेव्हा तिने आपली वाटी पालथी घातली.

"काय ग, निघालीस? पहिल्या तिथीला?" शेजारची बाई म्हणाली. "आजवर कधी मधून उठली नाहीस."

"एक काम आहे."

"कसलं?"

"ऐकायचं," हान ताई म्हणाली.

ओसरीवर तिने चपला घातल्या, अंबाड्यावरून हात फिरवला, आणि छत्री न उघडता, वाऱ्यात मान खाली घालून ती थिएटरच्या रस्त्याला लागली.